कालस्तंभन आणि निक्षेपधर्म

 

काल कोणासाठी थांबत नाही, हे आबालवृद्धांच्या तोंडी असलेले वाक्य आता पूर्णांशाने खरे राहिलेले नाही. याच हैदराबाद नगरीच्या परिसरात अशी दोन स्थाने आहेत की जेथे काही मोजक्या पदार्थांपुरता काल थांबविला जातो. त्यांतील एक अत्तापूर येथील लॅकोन्स ही प्रयोगशाळा होय. सीसीएमबी या विख्यात संस्थेच्या छत्राखाली, डॉ. लालजी सिंह यांच्या पुढाकाराने ती उभी राहिली आणि २००७ साली राष्ट्रपती अब्दुल कलाम यांच्या हस्ते तिचे उद्घाटन झाले. विनाशाच्या कडेला आलेल्या वन्य पशूंच्या पेशी व बीजे तेथे उणे १९६ अंश तापमानाच्या द्रवरूप नत्रवायूत ठेविली जातात. दुसरे स्थान पाटणचेरू येथील इक्रिसॅट. १९७२ साली स्थापन झालेल्या या संस्थेच्या शीतकोठारांत ज्वारी, बाजरी, हरभरा, तूर, भुईमूग इत्यादी पिकांच्या सव्वा लाखाहून अधिक वाणांचे बियाणे आहे. त्यांत एकट्या ज्वारीचेच वाण चाळीस हजारांच्या आसपास आहेत.

याखेरीज तिसरेही एक स्थान आहे, आणि त्याचा पत्ता देण्याचे कारण नाही. कारण ते आता प्रत्येक मोठ्या शहरातील गल्लीगल्लीत आहे. अपत्यहीन दांपत्यांवर उपचार करणाऱ्या चिकित्सालयांतील शीतपात्रांत मानवी भ्रूण ठेविलेले असतात. या मठात येणाऱ्या गृहस्थांचे प्रश्न पुष्कळदा या तिसऱ्या स्थानातून येतात, म्हणून आजच्या विवेचनाचा रोख अखेरीस तिकडेच जाणार आहे. परंतु वाट बियाण्यावरूनच जाते.

प्रथम ही क्रिया घडते कशी ते पाहू. शीताने पेशी मरते ती थंडीमुळे नव्हे, तर बर्फामुळे. पेशीतील पाणी गोठले की त्याचे स्फटिक होतात आणि ते आतून पेशीचे आवरण फाडतात. १९४९ साली लंडनमध्ये पोल्ज, स्मिथ आणि पार्क्स या तिघांना असे आढळले की ग्लिसरीन मिसळले असता कोंबड्याचे रेत गोठवूनही पुन्हा सजीव होते. या शोधाच्या मुळाशी बाटल्यांवरील चिठ्ठ्यांचा घोटाळा होता असे सांगतात. साखरेचे द्रावण म्हणून घेतलेल्या बाटलीत भलतेच द्रव्य निघाले. १९७२ साली उंदराचे भ्रूण गोठवून पुन्हा वाढविण्यात यश आले, आणि १९८५ साली राल व फाही यांनी बर्फ होऊच न देता पाण्याला काचेसारखे घट्ट करण्याची युक्ती भ्रूणावर सिद्ध केली. उणे १९६ अंशांवर देहातील रासायनिक व्यापार जवळजवळ पूर्ण थांबतात. तेथे एक दिवस आणि दहा वर्षे यांत पेशीच्या दृष्टीने फारसे अंतर उरत नाही. न्यायशास्त्राच्या विद्यार्थ्यांना हे पटकन उमजेल: क्रियेवाचून कालाचे अनुमान होत नाही, आणि येथे क्रियाच थांबविलेली आहे.

मात्र पात्राबाहेर काल चालूच असतो. द्रवरूप नत्रवायू सतत उडून जातो आणि तो पुन्हा पुन्हा भरावा लागतो. अमेरिकेतील क्लीव्हलँड येथे मार्च २०१८ मध्ये एका साठवणपात्राचे तापमान वाढले आणि चार हजारांहून अधिक बीजांडे व भ्रूण नष्ट झाले. आतला काल थांबवावयाचा तर बाहेर कोणीतरी रात्रंदिवस जागे राहावे लागते. नंदादीपासारखेच हे आहे; तेल घालणारा हात चुकला की सर्व संपले.

हे विषय निघाले की आपल्या समाजात एक हौस उसळून येते. गांधारीच्या मांसगोळ्याचे एकशे एक भाग करून व्यासांनी ते घृतकुंभांत ठेविले ना, मग आणखी काय हवे, असे सांगणारे सभोवार भेटतात. त्यांना नम्रपणे विचारावेसे वाटते की कथा नीट वाचली काय? घृतकुंभांत ते गर्भ वाढले, थांबले नाहीत. शीतपात्रातील गर्भ थांबतो, वाढत नाही. दोहोंत साम्य आहे ते केवळ भांड्याचे. व्यासांना हिणवून विज्ञानाचा गौरव होत नाही, तसाच व्यासांच्या माथी शीतयंत्र मारून व्यासांचाही होत नाही.

काल थांबण्याचा नैतिक विचार ज्या कथांत खरोखर आहे, त्या निराळ्याच. मुचुकुंदाने देवांच्या युद्धात शीण सोसला आणि वर म्हणून निद्रा मागून घेतली. तो गुहेतून उठून बाहेर आला तेव्हा माणसे, पशू, वृक्ष सर्वच खुजे झालेले त्याला दिसले आणि कलियुग आल्याचे त्याने ओळखले. त्याला दुःख झाले असेल, पण तक्रार करण्याजोगे काही नव्हते. निद्रा त्याने स्वतः मागितली होती. रैवत ककुद्मीची गोष्ट अशी नाही. तो कन्येसाठी वर कोणता योग्य, हे विचारण्यास ब्रह्मलोकी गेला. तेथे गायन चालू होते, म्हणून क्षणभर थांबला. गायन संपल्यावर ब्रह्मदेव हसून म्हणाले की तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे लोटली. तुझ्या मनातले वर राहिले नाहीत, त्यांची नातवंडे-पतवंडेही राहिली नाहीत. ककुद्मीची निदान चूक तरी त्याची स्वतःची होती. परंतु त्याच्यासोबत रेवती होती. तिच्या सख्या, तिची कुशस्थळी, तिच्या भाषेत बोलणारी माणसे, सारे एका गायनात बुडाले, आणि तिला कोणी विचारले नाही. विष्णुपुराणात तर पुढे असेही आहे की ती पूर्वीच्या युगातील म्हणून फार उंच होती, तेव्हा बलरामाने नांगराच्या टोकाने तिला वाकवून इतर स्त्रियांएवढी केली. जुन्या काळातून आणलेल्या जीवाला नव्या काळाच्या मापात बसण्यासाठी काय सोसावे लागते, ते पुराणकाराने एका वाक्यात सांगून टाकले आहे. कालस्तंभनाच्या नीतीचा सारा पेच मुचुकुंद आणि रेवती यांच्यामधील या अंतरात आहे.

आता व्यवहाराकडे वळू. जो पदार्थ आपण दुसऱ्याच्या हाती काही काळ ठेवितो आणि जसाच्या तसा परत मिळावा अशी अपेक्षा करितो, त्याला धर्मशास्त्रात निक्षेप म्हणतात. याज्ञवल्क्यस्मृतीच्या व्यवहाराध्यायात उपनिधीचे स्वतंत्र प्रकरण आहे. उपनिधी म्हणजे आत काय आहे हे न सांगता बंद पात्रात ठेवावयास दिलेली वस्तू. या स्मृतीवरील मिताक्षरा ही टीका विज्ञानेश्वरांनी चालुक्यांच्या कल्याणी नगरीत रचिली. ती कल्याणी म्हणजे बिदर जिल्ह्यातील आजचे बसवकल्याण. १९५६ पर्यंत ते हैदराबाद राज्याच्या मुलखातच होते. तेव्हा हे शास्त्र परकीय नव्हे, घरच्या अंगणातले आहे. त्याचे नियम थोडे आहेत. वस्तू जशी दिली तशीच परत करावी. राजा, दैव किंवा चोर यांनी ती नेली तर ठेवून घेणाऱ्यावर दोष नाही. धन्याने मागितली असता दिली नाही आणि मग ती नष्ट झाली, तर भरपाई द्यावी आणि दंडही सोसावा. स्वतःच्या इच्छेने तिचा उपभोग घेतला तर दंड होतोच, आणि वस्तू वृद्धीसह परत करावी लागते.

या नियमांचे जिवंत उदाहरण आज उत्तर ध्रुवाजवळ पाहावयास मिळते. नॉर्वेच्या ताब्यातील स्वालबार्ड बेटावर डोंगर पोखरून केलेले बीजकोठार २००८ साली उघडले गेले. जगातील बीजपेढ्या आपल्या संग्रहाचा दुसरा संच तेथे ठेवितात. इक्रिसॅटनेही ठेविला आहे. तेथील रीत अशी की पेट्या मोहोरबंद येतात, नॉर्वे त्या उघडीत नाही, बियाण्यावर स्वामित्व सांगत नाही, आणि ज्याने ठेविली त्यालाच ती परत मिळते. विज्ञानेश्वरांना ही व्यवस्था दाखविली असती तर त्यांनी तिला एका शब्दात उपनिधी म्हटले असते. सीरियातील युद्धामुळे हलब शहराजवळील इकार्डा संस्थेची बीजपेढी दुर्गम झाली, तेव्हा २०१५ साली त्या संस्थेने आपली ठेव मागितली आणि ती मिळाली. लेबनॉन व मोरोक्कोत ते बी पेरून वाढविण्यात आले, आणि २०१७ साली नवे बियाणे पुन्हा स्वालबार्डला ठेवण्यात आले. ठेव परत मागण्याचा तो त्या कोठाराच्या इतिहासातील पहिला प्रसंग.

पाटणचेरूच्या कोठारात आणखी एक गोष्ट शिकण्याजोगी आहे. उणे २० अंशांवर ठेविलेले बीसुद्धा हळूहळू म्हातारे होते. म्हणून ठरावीक काळाने त्यातील काही दाणे रुजवून पाहतात, आणि उगवण घटली असल्यास ते वाण शेतात पेरून नवे बी धरतात. काल थांबविण्यासाठी मधून मधून त्याला थोडे चालू द्यावे लागते! आणि कोठारातील बी शिकत नाही. सोलापूरच्या काळ्या रानात मालदांडी ज्वारी पेरणाऱ्या शेतकऱ्याचे बी दर वर्षी नव्या किडीला, नव्या अवर्षणाला तोंड देते. कोठारातले बी ज्या वर्षी आत गेले त्याच वर्षात राहते. यास्तव कोठार हे शेताची जागा घेऊ शकत नाही. शेत मोडून कोठार भरणे म्हणजे घर जाळून दागिने पेटीत ठेवण्यासारखे होय.

अत्तापूरच्या प्रयोगशाळेविषयीही हेच म्हणता येते. तेथील शास्त्रज्ञांनी २००६ साली कृत्रिम रेतनाने चितळाचे पाडस जन्मास आणिले, हे मोठे कर्तृत्व. परंतु भारतातून चित्ता नाहीसा झाल्याचे १९५२ साली जाहीर झाले, त्या काळी कोणाजवळ शीतपात्र नव्हते. पुढे हैदराबादच्या शास्त्रज्ञांनी इराणकडे आशियाई चित्त्याच्या पेशी मागितल्या, त्या मिळाल्या नाहीत; आणि २०२२ च्या सप्टेंबरात कुनोच्या जंगलात जे चित्ते सोडले ते नामिबियातून आणलेले, आफ्रिकी कुळीचे आहेत. ज्याने वेळेवर ठेव ठेविली नाही त्याला परत मागण्याचा अधिकार नाही, इतका हा साधा हिशेब आहे. आणि ठेव परत मिळाली तरी ती ठेवावयास रान हवे.

बियाणे आणि पशू यांच्याबाबत निक्षेपाचा न्याय असा सरळ लागतो. मानवी भ्रूणापाशी मात्र तो अडखळतो, आणि त्याचे कारण उघड आहे. निक्षेपात तिघे असतात: ठेवणारा, ठेवून घेणारा आणि ठेविलेली वस्तू. येथे तिसरी ‘वस्तू’ उद्या स्वतः उठून विचारील की मला का ठेविले होते? ती रेवती आहे.

या देशात या कथेचा आरंभ कलकत्त्यात झाला. डॉ. सुभाष मुखोपाध्याय यांनी गोठवून त्रेपन्न दिवस थांबविलेल्या भ्रूणापासून ३ ऑक्टोबर १९७८ रोजी एक कन्या जन्मली. तिला दुर्गा म्हणून ओळखितात. इंग्लंडमधील पहिल्या नलिकाबालकानंतर अवघ्या सत्तर दिवसांनी हे घडले. शासनाने नेमिलेल्या समितीने डॉक्टरांचे म्हणणे खोटे ठरविले, त्यांची बदली नेत्रचिकित्सेच्या विभागात करण्यात आली, आणि १९ जून १९८१ रोजी त्यांनी प्राणत्याग केला. मुंबईत डॉ. इंदिरा हिंदुजा यांच्यासमवेत १९८६ साली केईएम रुग्णालयातील नलिकाबालकाच्या कार्यात ज्यांचा वाटा होता, त्या डॉ. आनंदकुमार यांनीच पुढे मुखोपाध्यायांच्या नोंदी तपासल्या आणि १९९७ साली पहिलेपणाचा मान स्वतःकडून काढून मृत पुरुषाला दिला. परक्याची ठेव ओळखून परत करणे म्हणजे काय, त्याचे याहून चांगले उदाहरण विज्ञानाच्या इतिहासात क्वचित सापडेल.

तेव्हा त्रेपन्न दिवस होते. २०२५ च्या जुलैत अमेरिकेतील ओहायो प्रांतात जन्मलेल्या एका मुलाचा भ्रूण १९९४ सालचा होता. त्याच वेळी निर्माण झालेल्या भ्रूणांपैकी एकापासून जन्मलेली त्याची सहोदरा आज तिशीची आहे. पाठशाळेतील छात्र येथे हमखास विचारतील की मग ज्येष्ठ कोण? मनूने जुळ्यांच्या प्रकरणात याचे उत्तर देऊन ठेविले आहे: ज्येष्ठत्व जन्माने, गर्भाने नव्हे. परंतु उपनयनाचे वर्ष गर्भापासून मोजून आठवे धरावे, असाही शास्त्राचा पक्ष आहे; त्या हिशेबाने हे बालक जन्मतःच बावीस वर्षे उशिरा झालेले ठरेल. हा विनोद झाला, पण शास्त्राचे गणित गर्भाशयातील दहा महिने गृहीत धरूनच चालते हे त्यातून दिसते.

हेच वारशाबाबत. पिता निवर्तला आणि त्याची पत्नी गर्भवती असल्याचे स्पष्ट असेल, तर प्रसूती होईपर्यंत वाटणी थांबवावी, असे मिताक्षरेत आहे. १९५६ च्या हिंदू उत्तराधिकार कायद्यानेही गर्भस्थ बालकाचा वाटा राखिला. तो थांबण्याचा काळ निसर्गाने बांधून दिलेला होता. शीतपात्रातील भ्रूणासाठी भाऊबंदांनी किती थांबावे? ऑस्ट्रेलियातील मेलबर्न येथे दोन भ्रूण ठेवून एक धनाढ्य दांपत्य १९८३ साली विमान अपघातात मरण पावले, तेव्हा हा प्रश्न साऱ्या जगापुढे आला. भारतात दिल्ली उच्च न्यायालयाने ४ ऑक्टोबर २०२४ रोजी एका मृत अविवाहित तरुणाचे गोठविलेले रेत त्याच्या मातापित्यांच्या स्वाधीन करण्याचा आदेश दिला. त्या तरुणाने कर्करोगावरील उपचारांपूर्वी ते ठेविले होते. वृद्ध मातापित्यांचे दुःख कोणालाही कळेल; तथापि जन्मणाऱ्या मुलाचा पिता त्याच्या जन्मापूर्वीच, गर्भाधानापूर्वीच, गेलेला असणार, हे त्या मुलाच्या बाजूने कोणी बोलावयाचे?

मेलेल्या देहांचे गोठवणे हा विषय एका वाक्यात आटोपावा. १९६७ पासून अमेरिकेत काही देह पुनरुज्जीवनाच्या आशेने ठेविले गेले, एकही उठला नाही, आणि कॅलिफोर्नियात एका ठिकाणी पैसा संपल्यावर ते वितळलेल्या स्थितीत १९७९ साली सापडले.

गृहस्थांचा प्रश्न मात्र एका वाक्यात आटोपत नाही. प्रश्न असा असतो: उपचार सफल झाला, मूल घरात खेळते आहे, आणि दोन किंवा तीन भ्रूण अजून शीतपात्रात आहेत. आता काय करावे? २०२१ च्या कायद्याने भ्रूण ठेवण्याची मर्यादा दहा वर्षे केली आहे. त्यानंतर ते नष्ट होऊ द्यावेत, किंवा दांपत्याच्या संमतीने नोंदणीकृत संस्थेस संशोधनार्थ द्यावेत, असे तो कायदा सांगतो. दुसऱ्या दांपत्यासाठी ते वापरता येत नाहीत. भ्रूण गर्भाशयात स्थापन होण्यापूर्वी पती किंवा पत्नी कोणीही आपली संमती मागे घेऊ शकते. मग माता दबल्या स्वरात विचारते: ही भ्रूणहत्या होईल काय?

याचे उत्तर देताना प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे की या स्थितीविषयी शास्त्रात वचन नाही. भ्रूणहत्येचा निषेध गर्भाशयात वाढणाऱ्या गर्भाविषयी आहे. शीतपात्रातील भ्रूण बहुधा पाच दिवसांचा, शे-सव्वाशे पेशींचा, आणि त्याला कोणत्याही गर्भाशयाचा आश्रय नाही. मीमांसकांची शिस्त अशी की निषेधाचा विषय जेथे नाही तेथे तो ओढून आणू नये. ‘भ्रूण’ हा शब्द वैद्यांनी उचलला म्हणून त्यामागून महापातकही येते असे नव्हे. ज्या स्त्रीने इंजेक्शने, शस्त्रक्रिया आणि वर्षानुवर्षांची नामुष्की सोसून मूल मिळविले, तिच्या माथी तो शब्द मारणाऱ्या पंडिताने आधी आपले ग्रंथ पुन्हा उघडावेत.

परंतु पातक नाही म्हणजे जबाबदारी नाही, असे मात्र नाही. येथे निक्षेपधर्म पुन्हा उभा राहतो, आणि या वेळी ठेवून घेणाऱ्याविरुद्ध नव्हे, ठेवणाऱ्याविरुद्ध. चिकित्सालयांतून भाड्याची पत्रे येतात. कुटुंबाने घर बदललेले असते, दूरध्वनी बदललेला असतो, पत्राला उत्तर जात नाही. निर्णय घ्यावयाचा नाही म्हणून निर्णय काळावर सोडून दिला जातो, ज्या काळाला पैसे भरून थांबविले होते त्याच काळावर. ठेव टाकून पळणाऱ्याचे प्रकरण स्मृतिकारांना सुचलेही नाही, कारण आपली ठेव कोणी टाकून जाईल असे त्यांना वाटले नाही. आरंभीच वैद्यांना विचारावे की किती भ्रूण करणार, आणि जितक्यांना हाक मारण्याची तयारी आहे त्याहून अधिक नकोत असे स्पष्ट सांगावे. दोघांपैकी एक गेला किंवा दोघे विभक्त झाले तर पुढे काय, हे त्याच दिवशी लेखी करून घ्यावे. गोठविण्याचा दिनांक कागदपत्रांत जपावा. दहा वर्षे तेथूनच मोजली जातात.

आणि मुदत सरल्यावर भ्रूण सोडून द्यावयाचे ठरले तर कोणता विधी करावा, असेही विचारणारे येतात. दोन वर्षांहून लहान बालक गेले तर त्याला उदकदान नाही, असे याज्ञवल्क्याच्या प्रायश्चित्ताध्यायाच्या आरंभीच आहे; मग ज्याला गर्भाशयही लाभले नाही त्याला विधी कसला? मठांनी या दुःखावर नवा विधी आणि नवी दक्षिणा निर्माण करू नये. पती-पत्नींनी दोघांनी मिळून चिकित्सालयात जावे, पत्र वाचावे, समजले नाही ते विचारावे, आणि सही करावी. घरातील मुलाने मोठेपणी विचारले की मी एकटाच होतो काय, तर त्याला जे झाले ते सांगावे. कागद त्याच्यासाठी ठेविलेले असावेत.